एमडीएम२चा बँड ५५ ऐवजी ९० वर दिसतो: अँटिबॉडी परत करावी का?

तुमच्या प्रश्नात दोन-तीन गोष्टी एकमेकींत गुंतल्या आहेत, म्हणून तो मला जसा समजला तसा आधी मांडतो. एमडीएम२ या युबिक्विटिन लायगेजविरुद्धची (म्हणजे प्रथिनांना युबिक्विटिन ही नष्ट करण्याची खूण जोडणाऱ्या एन्झाइमविरुद्धची), सशात तयार केलेली पॉलिक्लोनल अँटिबॉडी तुम्ही घेतली. डेटाशीटवर अपेक्षित वजन ५५ किलोडाल्टन असे छापले आहे. यू२ओएस या मानवी कर्करोगपेशींच्या लायसेटचा (फोडलेल्या पेशींच्या द्रावाचा) वेस्टर्न ब्लॉट, म्हणजे प्रथिने जेलवर आकारानुसार वेगळी करून अँटिबॉडीने शोधण्याची चाचणी, केल्यावर ९० च्या जवळ एक ठळक, ६० ला एक मध्यम आणि ५० च्या आसपास एक फिकट बँड आला. एच१२९९ पेशींत मात्र केवळ ५० चाच बँड दिसला. अँटिबॉडीत दोष नाही, असे पुरवठादाराने कळवले. आता ती परत करावी, की याच अँटिबॉडीने इम्युनोप्रेसिपिटेशन करून (म्हणजे प्रथिन द्रावातून ओढून काढून) एमडीएम२ स्वतःलाच युबिक्विटिन जोडते हे दाखवण्याच्या कामाला लागावे, असे तुम्ही विचारले आहे.

अँटिबॉडी चांगली की वाईट, याचे सुटे उत्तर देता येत नाही. एकच अँटिबॉडी वेस्टर्न ब्लॉटमध्ये उत्तम चालते आणि फॉर्मॅलिनमध्ये मुरलेल्या ऊतींवर काहीही दाखवत नाही. एका पेशीप्रकारात स्वच्छ बँड देते आणि दुसऱ्यात चार अनोळखी बँड देते. म्हणून प्रश्न असा घ्यावा, की तुमच्या पेशींत, तुम्ही ज्या पद्धतीने लायसेट करता त्या पद्धतीत, या तिघांपैकी कोणता बँड एमडीएम२चा आहे आणि ते दुसऱ्याला पटेल असे कसे दाखवायचे. परत करायची की नाही, हे त्यातून आपोआप ठरेल.

आधी ९० आणि ५५ चा घोळ सोडवू. मानवी एमडीएम२ हे ४९१ अमिनो आम्लांचे प्रथिन आहे आणि त्या क्रमावरून काढलेले वजन सुमारे ५५ किलोडाल्टन भरते. डेटाशीटवरचा आकडा बहुधा असाच गणिताने काढलेला असतो. तो जेलवर मोजलेला नसतो. प्रत्यक्षात पूर्ण लांबीचे एमडीएम२ एसडीएस या डिटर्जंटच्या जेलवर ९० च्या आसपास थांबते आणि हे गेली तीस वर्षे या प्रथिनावर काम करणाऱ्या सगळ्यांच्या परिचयाचे आहे. त्याच्या मधल्या भागात ग्लुटामिक आणि ॲस्पार्टिक आम्लांची मोठी गर्दी आहे. तो भाग मुळातच ऋणभारित असल्याने तिथे एसडीएस नेहमीच्या प्रमाणात चिकटत नाही आणि प्रथिन जेलमध्ये आपल्या वजनाच्या मानाने मागे रेंगाळते. अशी प्रथिने विरळ नाहीत. पी५३ या, पेशीची वाढ रोखणाऱ्या प्रथिनाला त्याचे नावच जेलवरच्या ५३ या आकड्यावरून मिळाले, पण त्याच्या ३९३ अमिनो आम्लांचे वजन ४४ किलोडाल्टनच्या आतच भरते. तेव्हा ९० चा बँड हा तुमच्या ब्लॉटमधला सर्वांत आश्वासक भाग आहे. उलट अगदी ५५ वर एकच नेटका बँड आला असता, तर मला जास्त शंका आली असती.

६० च्या बँडबद्दल इतक्या खात्रीने बोलता येणार नाही. पेशी मरताना प्रथिने कापणारी कॅस्पेज वर्गातील एन्झाइम एमडीएम२ला ३६१ क्रमांकाच्या ॲस्पार्टिक आम्लानंतर कापतात आणि त्यातून उरणारा पुढचा, म्हणजे एन-टोकाकडचा तुकडा जेलवर साधारण ६० वर दिसतो. त्या तुकड्यात पी५३ला धरणारा भाग शाबूत असतो, पण युबिक्विटिन जोडण्यासाठी लागणारे रिंग डोमेन सी-टोकाला असल्यामुळे ते गेलेले असते. पेशी फार दाट वाढू दिल्या असतील, औषधाने मरू लागल्या असतील, किंवा तरंगणाऱ्या मृत पेशीही तुम्ही लायसेटमध्ये घेतल्या असतील, तर हा तुकडा वाढतो. याखेरीज ५० व्या कोडॉनपासून भाषांतर सुरू झाल्यास मिळणारे आखूड रूप ७५ च्या आसपास येते, आणि स्प्लायसिंगमुळे तयार होणारी लहान रूपेही आहेत. यांतले काय दिसेल आणि काय दिसणार नाही, हे तुमच्या अँटिबॉडीचा एपिटोप, म्हणजे ती जिथे धरते ती जागा, प्रथिनाच्या कोणत्या भागात आहे यावर पूर्णपणे अवलंबून आहे. डेटाशीटवर इम्युनोजेन (सशाला टोचलेला पदार्थ) म्हणून शेवटच्या शंभरएक अमिनो आम्लांतला पेप्टाइड दिला असेल, तर ६० चा बँड कॅस्पेजने कापलेला एन-टोकाचा तुकडा असूच शकत नाही, कारण अँटिबॉडी ज्याला धरते तो भाग त्या तुकड्यात नाही. सी-टोकाच्या अँटिबॉडीबाबत आणखी एक गोष्ट तपासून पाहावी. एमडीएमएक्स हे एमडीएम२चे भावंड ४९० अमिनो आम्लांचे आहे आणि दोघांची रिंग डोमेन पुष्कळ मिळतीजुळती आहेत. इम्युनोजेनचा क्रम मिळवून तो एमडीएमएक्सच्या क्रमाशेजारी ठेवून पाहणे हे पाच मिनिटांचे काम आहे, आणि ते अँटिबॉडी मागवण्यापूर्वीच करावे.

५० चा बँड दोन्ही पेशींत सारख्याच तीव्रतेने येत असेल, तर तो एमडीएम२शी संबंधित नसावा असे मी धरून चालेन. तरीही हे सध्या अनुमानच आहे आणि बाकीच्या दोन बँडांबद्दल वर जे लिहिले तेही अनुमानच आहे. आकारावरून बँडची ओळख पटत नाही. ती पटवायची तर प्रथिनाचे प्रमाण मुद्दाम कमी-जास्त करावे आणि कोणता बँड त्याच्यामागोमाग हलतो ते पाहावे.

एरवी इथे मी सरळ नॉकआउट पेशी, म्हणजे ते जनुकच काढून टाकलेल्या पेशी, वापरा असे सांगितले असते, कारण त्याहून चांगला पुरावा नाही. व्यावसायिक अँटिबॉडींची नॉकआउट पेशींशी तुलना करून स्वतंत्र तपासणी करणाऱ्या वायकॅरॉस या उपक्रमाने २०२३ मध्ये ६५ प्रथिनांविरुद्धच्या ६१४ अँटिबॉडींचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. पुरवठादाराने नॉकआउट पेशी वापरून तपासलेल्या अँटिबॉडी इतर मार्गांनी तपासलेल्यांपेक्षा स्पष्टपणे सरस ठरतात, असे त्यातून दिसले. पण एमडीएम२ला हा मार्ग सहजासहजी लागू होत नाही. एमडीएम२ पी५३ला सतत नष्ट करत असते; ते काढून टाकले की पी५३ बेलगाम होते आणि पेशी वाढणे थांबवते किंवा मरते. उंदरांमध्ये हे १९९५ मध्येच दिसून आले: एमडीएम२ जनुक नसलेले गर्भ अगदी सुरुवातीलाच मरतात, पण त्यांच्यातले पी५३ही काढले तर पिल्ले जन्मतात आणि वाढतात. याचा व्यवहारात अर्थ असा, की नॉकआउट हवा असेल तर तो पी५३ नसलेल्या पेशींतच मिळणार. आणि अशा पेशींत एमडीएम२ मुळातच कमी असते, कारण या जनुकाचा दुसरा प्रमोटर (जनुक चालू करणारा भाग) पी५३च्या हुकमावर चालतो. आधीच फिकट असलेला बँड नाहीसा झाला, एवढ्याने कोणाचे समाधान होणार?

पण याच परस्परसंबंधाचा फायदाही घेता येतो, आणि माझ्या कामात मी तोच घेत आलो आहे. न्युटलिन-३ए हा रेणू एमडीएम२च्या पी५३ धरणाऱ्या खाचेत बसतो. त्यामुळे पी५३ सुटते, साठते आणि आपल्या लक्ष्य जनुकांना चालू करते; त्या जनुकांत पी२१ आहे आणि खुद्द एमडीएम२ही आहे. यू२ओएसमध्ये पी५३ मूळ स्वरूपात आहे, त्यामुळे १० मायक्रोमोलर न्युटलिन-३ए सहा ते आठ तास दिल्यास एमडीएम२चा बँड डोळ्यांना दिसेल इतका वाढायला हवा. एच१२९९मध्ये पी५३ नाही, त्यामुळे तिथे तोच डोस देऊनही तो वाढता कामा नये. मात्र न्युटलिनने पी५३ची इतरही बरीच लक्ष्ये वाढतात. तुमची अँटिबॉडी योगायोगाने त्यांतल्या एखाद्या प्रथिनाला धरत असेल, तर तो बँडही असाच वाढेल. म्हणून केवळ वाढ पाहून थांबू नये. वाढवलेला बँड एसआयआरएनएने, म्हणजे ठरावीक जनुकाचा संदेश नष्ट करणाऱ्या छोट्या आरएनएने, खाली आणून दाखवावा.

प्रत्यक्ष क्रम असा ठेवता येईल. यू२ओएस पेशींत आधी एसआयआरएनए घालावा: एका भागात कोणत्याही जनुकाला न लागणारा नियंत्रण क्रम आणि दुसऱ्या दोन भागांत एमडीएम२चे दोन वेगवेगळे क्रम, म्हणजे एखाद्या क्रमाच्या आगंतुक परिणामावर सगळा निष्कर्ष टेकणार नाही. एक-दीड दिवसाने, शेवटच्या सहा ते आठ तासांसाठी सर्वांना न्युटलिन द्यावे. याच जेलवर काहीही न दिलेल्या यू२ओएस पेशी, न्युटलिनसह आणि न्युटलिनविना एच१२९९, आणि शक्य असल्यास एसजेएसए-१ पेशींचे थोडे लायसेट असावे. एसजेएसए-१मध्ये एमडीएम२ जनुकाच्या अनेक प्रती आहेत, त्यामुळे तो बँड ओळखीची खूण म्हणून उपयोगी पडतो. एकूण प्रथिन सर्व लेनमध्ये सारखे घ्या आणि त्याच मेम्ब्रेनवर पी५३ व पी२१ही तपासा. काही जण न्युटलिन न देता केवळ एसआयआरएनए वापरतात. तसे करता येते, पण एमडीएम२ कमी झाले की पी५३ वाढते, पी५३ वाढले की एमडीएम२चे लेखन वाढते, आणि तुम्ही खाली ढकललेला बँड पेशी पुन्हा वर रेटते. मग नॉकडाउन (एसआयआरएनएने झालेली घट) अर्धवट दिसतो आणि दोष अँटिबॉडीच्या माथी जातो. सर्व लेनमध्ये न्युटलिन दिल्याने लेखन आधीच चढलेले असते, म्हणून एसआयआरएनएचा फरक स्वच्छ दिसतो.

टॅग लावलेले एमडीएम२ बाहेरून भरपूर व्यक्त करून ‘हा पाहा बँड’ असे दाखवणे हा बऱ्याच डेटाशीटवरचा आवडता पुरावा आहे. अँटिबॉडी एमडीएम२ला धरू शकते, एवढेच त्यातून सिद्ध होते. पेशीत नैसर्गिकरीत्या असलेल्या तुटपुंज्या प्रमाणाजवळ ती त्यालाच धरते की आणखी कशाला, हे त्यातून कळत नाही.

आता एच१२९९मध्ये ९० चा बँड का दिसला नाही, त्याकडे येतो. पी५३ नसल्याने प्रमाण कमी, हे मुख्य कारण वर आलेच. दुसरे कारण असे, की एमडीएम२ स्वतःला आणि इतरांना युबिक्विटिन जोडून प्रोटिएसोमकडे, म्हणजे पेशीतल्या प्रथिने तोडणाऱ्या यंत्रणेकडे, पाठवते. त्याचे अर्धायुष्य अर्ध्या तासाच्या आसपास आहे. प्लेट बाहेर काढून निवांत धुणे, पेशी खरवडून खोलीच्या तापमानाला ठेवणे, मग बफर शोधणे, एवढ्या अवधीत प्रमाण बदलू शकते. तिसरे कारण, ते प्रामुख्याने केंद्रकात असते आणि सौम्य डिटर्जंटच्या बफरने केंद्रक नीट फुटत नाही. गोळ्यासोबत तुमचे प्रथिनही टाकून दिले जाते. ब्लॉटपुरते काम असेल, तर मी पेशी बर्फावर थंड बफरने झटपट धुऊन सरळ गरम सॅम्पल बफरमध्ये विरघळवतो, ९५ अंशांवर पाच मिनिटे ठेवतो आणि डीएनएचा चिकट तार तुटेपर्यंत सोनिकेट करतो. हा तार नीट तुटला नाही, तर नमुना विहिरीतून उतरताना ओढला जातो आणि त्या लेनमधले सगळेच बँड तिरके दिसतात. एमजी१३२ हा प्रोटिएसोम रोधक १० मायक्रोमोलर, तीन-चार तास दिला तर फिकट बँड नजरेत येण्याइतका वाढतो. अर्थात त्याने पेशीतली शेकडो अल्पायुषी प्रथिने वाढतात, तेव्हा बँड दिसतो का ते पाहण्यापुरताच त्याचा उपयोग करावा. ओळखीचा पुरावा म्हणून करू नये.

बँड न दिसण्याचे आणखी एक कारण तुमच्या पुढच्या प्रयोगांत आडवे येऊ शकते. २ए१० ही एमडीएम२ची जुनी आणि भरपूर वापरली गेलेली मोनोक्लोनल अँटिबॉडी आहे. डीएनएला इजा झाली की एटीएम हे कायनेज एमडीएम२च्या ३९५ क्रमांकाच्या सेरीनवर फॉस्फेट बसवते आणि नेमक्या तिथे बसलेल्या फॉस्फेटमुळे २ए१०ची पकड सैल होते. किरणोत्सारानंतरचा फिकट बँड पाहून प्रथिन नष्ट झाले असा निष्कर्ष काढावासा वाटतो, पण त्या घटीचा काही भाग केवळ अँटिबॉडीला ते न दिसण्याचा असतो. लायसेटला फॉस्फेटेजची प्रक्रिया दिली की संकेत परत येतो. पॉलिक्लोनल अँटिबॉडी अनेक एपिटोप धरत असल्याने तिला हा फटका कमी बसतो. त्या बदल्यात तिच्या प्रत्येक लॉटचे मिश्रण वेगळे असते. इजेनंतर प्रमाण मोजायचे असेल, तर प्रथिनाच्या दोन दूरच्या भागांना धरणाऱ्या दोन अँटिबॉडी वापराव्यात, हे माझे ठाम मत आहे.

इम्युनोप्रेसिपिटेशनबद्दल तुम्ही ओझरतेच विचारले आहे, पण खरी कसोटी तिथेच आहे. तुम्ही सशाची अँटिबॉडी प्रेसिपिटेशनसाठी आणि पुन्हा तीच ब्लॉटसाठी वापरली, तर तिच्या जड साखळीचा ढब्बू बँड ५० च्या आसपास येईल, म्हणजे डेटाशीटवरच्या ५५ च्या जवळच. ‘हेच ५५ चे एमडीएम२’ असे समजून त्यावर पुढचे आराखडे बांधलेले मी पाहिले आहेत. प्रेसिपिटेशन एका प्राण्यातल्या अँटिबॉडीने आणि ब्लॉट दुसऱ्या प्राण्यातल्या अँटिबॉडीने करा, किंवा अँटिबॉडी मण्यांना रासायनिक बंधाने कायमची जोडून घ्या. शिवाय इम्युनोजेन पी५३ धरणाऱ्या खाचेतला असेल, तर पी५३ने व्यापलेले एमडीएम२ त्या अँटिबॉडीच्या हाती लागणार नाही, आणि न्युटलिन दिलेल्या पेशींतही खाच व्यापलेली असल्याने तीच अडचण येऊ शकते.

युबिक्विटिनचा पट्टा (युबिक्विटिन कमी-जास्त जोडले गेल्याने लेनमध्ये दिसणारी लांबट छाया) दाखवायचा तर पेशी फोडण्याच्या बफरमध्ये १० मिलिमोलर एन-एथिलमॅलिमाइड घालावे. युबिक्विटिन काढून टाकणारी बहुतेक एन्झाइम सिस्टीनवर चालतात आणि हे संयुग त्यांना तत्काळ बंद पाडते. त्याच बफरमध्ये डीटीटी घातले तर दोघे एकमेकांना निकामी करतात, तेव्हा डीटीटी नंतर सॅम्पल बफरमधूनच द्यावे. यानंतर लायसेट १ टक्का एसडीएसमध्ये उकळून, ट्रायटन असलेल्या बफरने दहापट पातळ करून मगच प्रेसिपिटेशन करावे. ही पायरी गाळली तर एमडीएम२ला चिकटून आलेल्या पी५३वरचे युबिक्विटिनही त्याच लेनमध्ये उजळेल आणि ते एमडीएम२चे म्हणून मोजले जाईल. नियंत्रण म्हणून ४६४ क्रमांकाच्या सिस्टीनच्या जागी ॲलनीन असलेले, रिंग निकामी झालेले एमडीएम२ सोबत चालवावे. त्या लेनमध्येही पट्टा तितकाच गडद आला, तर तो दुसऱ्या एखाद्या लायगेजने जोडलेला आहे. ब्लॉटसाठी एफके२ अँटिबॉडी जोडलेले युबिक्विटिनच धरते. पी४डी१ मोकळे युबिक्विटिनही धरते. आणि हे सगळे जमले तरी एमडीएम२चा ठळक बँड म्हणजे जास्त लायगेज क्रिया, असे समीकरण मांडू नका. न्युटलिन दिलेल्या पेशींत एमडीएम२ भरपूर असते आणि पी५३ तरीही सुरक्षित असते.

पुरवठादाराला आत्ताच परत पाठवण्यापेक्षा त्याच्याकडून इम्युनोजेनचा नेमका क्रम, तुमच्या लॉटचा स्वतःचा ब्लॉट आणि तो ज्या पेशींवर केला त्यांचे नाव मागवा, आणि वर सांगितलेला एक ब्लॉट करा. न्युटलिनने ९० वाढला आणि दोन्ही एसआयआरएनएने खाली आला, तर अँटिबॉडी तुमच्या पेशींत वेस्टर्नसाठी चालते. त्याच लॉटच्या पुरेशा कुप्या घेऊन लहान भाग करून गोठवा. ६० ही सोबत खाली आला, तर तो एमडीएम२चाच तुकडा आहे, आणि कॅस्पेज रोधक देऊन तो मावळतो का हे पाहता येईल. ६० जागचा हलला नाही, तर ब्लॉटमध्ये तो सोसता येईल, पण इम्युनोफ्लुओरेसन्समध्ये नाही, कारण तिथे बँड वेगळे काढता येत नाहीत आणि सगळा प्रकाश एकत्रच मोजला जातो. एसआयआरएनए देऊनही ९० तसाच राहिला आणि नियंत्रण क्रमाच्या तुलनेत पी५३ व पी२१ही जराही बदलले नाहीत, तर नॉकडाउनच झालेला नसण्याची शक्यता आहे, पण न्युटलिनने ते दोन्ही आधीच चढवलेले असल्यामुळे एवढ्यावरून ते ठरत नाही. अशा वेळी एमडीएम२चा संदेश आरएनए क्यूपीसीआरने मोजून खात्री करा आणि तोवर अँटिबॉडीबद्दल काही ठरवू नका. संदेश आरएनए स्पष्टपणे घटलेला असूनही ९० तसाच राहिला, तर ती अँटिबॉडी भलतेच काही दाखवते आहे. तो अख्खा, न कापलेला ब्लॉट आणि क्यूपीसीआरचे आकडे जोडून ती परत करा.